निसेफोराचं मीठ

"आधी मीठ, मग हात," हे निसेफोरा आयुष्यभर सांगत आली. नाताळात देवळाच्या दारी उभारायच्या कमानीसाठी रानातून आणलेल्या तुऱ्यावर मीठ शिंपडल्याशिवाय तिने कधी बोट लावलं नाही, दुसऱ्या कुणाला लावूही दिलं नाही.

हे तुरे म्हणजे ओकच्या फांद्यांवर वाढणारी झुडपं, अननसाच्या शेंड्यासारखी. पानांच्या बेचक्यात धुक्याचं पाणी साठतं आणि त्या पाण्यात तो राहतो. आगकाडीएवढा, पालीसारखा दिसणारा सॅलमँडर, तपकिरी, बुळबुळीत. पाय आहेत की नाहीत यावर वाद घालावा इतके बारीक. तो बाईच्या पोटात शिरतो, असं गावातल्या बायका मानतात. निसेफोराला मूल झालं नाही तेव्हा सासूने त्याचंच नाव घेतलं होतं. "तुऱ्यांत हात घालत फिरते. शिरला असेल एखादा!" पुढे सासू गेली, नवराही गेला. किळस तेवढी मागे राहिली. त्याचं नुसतं नाव निघालं तरी निसेफोरा थुंकायची.

तरी नाताळची कमान एकतीस वर्षं तिचीच. वाऱ्याने पडलेले तुरे तेवढे ती वेचायची. झाडावरचा तोडायचा नाही, हा गावाचा नियम होता. आठ-दहा तुऱ्यांत असून असणार किती, एखाददुसरा. चिमूटभर मिठात तो आक्रसून मरायचा, काम भागायचं.

यंदा उत्सवाचा मान तिच्या बहिणीच्या मुलाकडे, अबुंदिओकडे आला. वाहाका शहरातून पाहुणे येणार, म्हणून त्याला कमान दुप्पट उंच हवी होती. सकाळी निसेफोरा देवळाच्या अंगणात आली तर भिंतीशी पोत्यांचा ढीग. तुरे मुळांसकट ओरबाडलेले, ओकच्या सालीचे ओले तुकडे अजून चिकटलेले.

"हे पडलेले आहेत?" तिने विचारलं.

"पडलेले, पाडलेले, एकच की मावशी," अबुंदिओ हसला. "झऱ्यावरचा अख्खा उतार साफ केला. चल, संध्याकाळपर्यंत कमान उभी राहायला हवी. तुझं कामसुद्धा मी करून ठेवलंय बघ. आधी मीठ!"

त्याने दगडी टाकीत मीठ कालवून तुरे त्यात बुडवले होते.

निसेफोरा वाकली. पाण्यावर राखाडी फेस होता आणि फेसात ते होते. शेकडो. शिजून सुटलेल्या काळ्या घेवड्याच्या सालांसारखे आक्रसलेले. काही अजून वळवळत होते, अंगातून पांढरा चिकटा सोडत. एक पानाच्या बेचक्यातच राहिला होता. मण्यांएवढ्या अंड्यांच्या घोसाला विळखा घालून तो तसाच मऊ पडत चालला होता. होता कसला, होती.

भिंत धरून निसेफोराने सकाळचं खाल्लेलं सगळं बाहेर काढलं.

"बघा, मावशीला अजून त्यांची किळस येते!" अबुंदिओची बायको एदुविहेस हसली. मिठाचं भांडं तिच्याच हातात होतं.

"त्यांची नाही गं." निसेफोराने तोंड पुसलं. "तुमची येते. आणि माझी. हे मीठ माझंच आहे."

"तूच तर शिकवलंस!" अबुंदिओ चिडला. "आता कमान कोण बांधणार?"

"शिकवलं मी, बांध तू. आणि पाहुण्यांना सांग, नाक दाबून कमानीखालून जा."

एकच पोतं अजून मिठात बुडायचं राहिलं होतं. तिने ते उघडून उघडा हात सरळ तुऱ्यात घातला. थंडगार, ओलं काहीतरी तिच्या बोटावर चढलं. अंगावर शहारा आला, तोंडात कडवट पाणी सुटलं. तिने बोट झटकलं नाही. हळूच त्याला पानाच्या बेचक्यात सोडलं आणि लगेच हात परकराला खसाखसा पुसला.

मग घायपाताच्या दोरीची गुंडाळी खांद्याला अडकवून तिने पोतं पाठीवर घेतलं आणि त्याचा पट्टा कपाळाला लावला.

"दोरीने बांधून ते परत झाडाला धरणार आहेत का?" अबुंदिओ ओरडला. "वेड लागलंय तुला!"

ती झऱ्याच्या वाटेला लागली होती. अबुंदिओ पोती मोजायला वळला. एदुविहेस मात्र मिठाचं भांडं पोटाशी धरून, मावशीची वाकलेली पाठ धुक्यात शिरेपर्यंत बघत उभी राहिली.