अप्पांच्या तोंडातला शब्द

इथले अनुभव मी बरेच दिवस नुसते वाचत आलोय. खरं सांगायचं तर निम्मे वाचून हसायचो. मी अंबड एमआयडीसीतल्या एका कंपनीत क्वालिटीला आहे. पार्ट मापात बसला तर पास, नाही बसला तर रिजेक्ट — दिवसभर हेच काम. त्यामुळे कुणी काही विचित्र सांगितलं की माझं डोकं आधी चूक कुठे झाली ते शोधायला लागतं. या बाबतीतही मी तेच केलं. चूक सापडली नाही, म्हणून आज लिहायला बसलोय.

आम्ही मखमलाबादचे. नाशिक शहर आता आमच्या दाराशी आलंय, समोर फ्लॅटची स्कीम झालीय, पण घरामागे आमची शेवंती आणि झेंडू अजून आहे. वडिलांना आम्ही अप्पा म्हणतो. त्यांचं मूळ गाव सायखेडा, तरुणपणी इकडे आले आणि फुलंच करत राहिले. घरात अप्पा, आई, मी आणि माझी बायको प्राजक्ता. आणि एक जण जो घरात नव्हता — माझा मोठा भाऊ, दादा.

दादा घर सोडून गेला त्याला आता बरीच वर्षं झाली. कॉलेजातल्या एका मुलीशी लग्न करायचं त्याने ठरवलं होतं, अप्पांना ते मान्य नव्हतं. शब्दाने शब्द वाढला आणि अप्पा ओट्यावर उभं राहून बोलले, ‘गेला तर परत तोंड दाखवू नको.’ दादा स्वभावाने थेट अप्पांवर गेलाय. त्याने खरंच तोंड दाखवलं नाही. नंबर बदलला. फेसबुक, इन्स्टा, कुठेच सापडेना. कुणी सांगायचं बंगळुरूला दिसला, कुणी म्हणायचं दुबईला गेला. घरात त्याचं नाव निघालं की अप्पा ताटावरून उठायचे, म्हणून हळूहळू आम्ही नाव काढायचंच सोडलं.

मागच्या वर्षी पाऊस उघडल्यावर अप्पा सकाळी शेवंतीवर औषध मारत होते, तिथेच वाफ्यात बसले. आई चहा घेऊन गेली तर तोंड वाकडं झालेलं. पॅरालिसिसचा ॲटॅक. आम्ही त्यांना तसंच गाडीत घालून दवाखान्यात नेलं. जीव वाचला, पण उजवी बाजू गेली आणि वाचाही गेली.

म्हणजे अगदीच गेली नाही. एक शब्द राहिला.

आयसीयूतून बाहेर आणल्यावर ते पहिल्यांदा बोलले तेव्हा मी जवळच होतो. त्यांनी माझ्याकडे बघितलं, सगळा जोर लावला आणि म्हणाले, “इरावडो.” मला कळलं नाही. परत म्हणाले. शेवटचं अक्षर कधी अर्धवट यायचं, कधी तोंडातच राहायचं. आम्ही सगळे अर्थ लावत बसलो. पाणी? उशी? डॉक्टर? प्रत्येक गोष्टीला ते डावा हात झटकायचे आणि परत तेच. आत्या भेटायला आली तिला ‘इरावती’ ऐकू आलं. आईने माझ्याकडे बघून अगदी हळू विचारलं, “कोण हे ही इरावती?” त्या दवाखान्यात एवढ्या दिवसांत आम्ही तेव्हाच काय ते हसलो.

घरी आणल्यावर स्पीच थेरपीच्या मॅडम यायच्या. त्यांनी समजावून सांगितलं की अशा पेशंटचा कधी कधी एकच शब्द किंवा नुसता एक आवाज शिल्लक राहतो, हो म्हणायचं असो की नाही, बाहेर तोच पडतो. त्याला अर्थ असेलच असं नाही, अर्थ शोधत बसू नका, त्रास करून घ्याल. मला पटलं. आईला नाही पटलं. ती म्हणाली, “डोळे बघ त्यांचे. त्यांना कायतरी सांगायचंय.” आणि डोळे बघितले की मॅडमचं म्हणणं मलाही खोटं वाटायचं.

मग एक दिवस आईने दादाचा विषय काढला. अप्पांच्या देखत काढला. बाप असा पडलाय, पोराला कळायला नको का, म्हणाली. तिला वाटायचं हा शब्द म्हणजे दादाचंच नाव आहे, जीभ वळत नाही म्हणून असं येतंय. मी पुन्हा शोधाशोध केली. त्याचे जुने मित्र, त्याच्या सासरकडचे — ते लोक पंचवटीतलं घर विकून गेले होते. काही हाती लागेना.

प्राजक्ताने मला सहज विचारलं, तुम्ही दोघं भाऊ एकत्र काय करायचा? मी म्हणालो, गेम. दुसरं काय.

शाळा-कॉलेजच्या दिवसांत कॉलेज रोडच्या एका सायबर कॅफेत आम्ही एक ऑनलाइन गेम खेळायचो. किल्ले बांधायचे, फौजा पाठवायच्या, असला. गेम अजून चालू आहे, आता त्याचं मोबाइल ॲप निघालंय. दादाला त्याचं इतकं वेड होतं की जगात कुठेही असला तरी हा गेम त्याने सोडला नसेल अशी माझी खात्री होती. त्यात फक्त फ्रेंड लिस्टमधल्या माणसाला मेसेज करता येतो. माझ्या लिस्टमध्ये दादा होता. म्हणजे माझं जुनं अकाउंट उघडलं की झालं.

पण माझं युजरनेम मला आठवेना.

पासवर्ड आठवत होता. दोघांचा सगळीकडे एकच होता. युजरनेम मात्र पार पुसलं गेलं होतं. स्वतःचं नाव, आडनाव, जन्मसाल, गावाचं नाव, तेव्हाचे आवडते क्रिकेटर — काय काय टाकून बघितलं. चार-पाच वेळा चुकलं की ते लॉगिन काही वेळासाठी बंद व्हायचं, मग थांबायचं, परत सुरू. ‘युजरनेम विसरलात?’ वर दाबलं तर म्हणे ईमेलवर पाठवलंय. तो ईमेल कॅफेवाल्याचा होता, आमचा स्वतःचा तेव्हा नव्हताच. कॅफेच्या जागी आता मोबाइल कव्हरचं दुकान आहे. त्या दुकानदाराला कॅफेवाल्याचं नावही माहीत नव्हतं. गेमच्या कंपनीला मेल केला, वडील आजारी आहेत, भावाला कळवायचंय, सगळं लिहिलं. उत्तर आलं की नोंदणी केलेल्या ईमेलशिवाय युजरनेम सांगता येत नाही. भाषा फार नम्र होती.

स्वतःचंच नाव, स्वतःच कधीतरी टाइप केलेलं, हजार वेळा... आणि ते डोक्यात नाही म्हणून मी आपल्या भावापर्यंत पोचू शकत नव्हतो. याचा किती संताप येतो ते सांगता येत नाही.

त्या रविवारी दुपारी मी अप्पांना भरवायला बसलो होतो. आई आणि प्राजक्ता मागे फुलं तोडत होत्या. मऊ भात दिला, तोंड पुसलं, आणि त्यांच्या कॉटशेजारीच मोबाइल काढून परत ते लॉगिन उघडलं. एक-दोन नावं टाकली. चुकीचं. अप्पांचं चालूच होतं. “इरावडॉ... इरावडॉ...” मी मोबाइलमध्ये बघतच म्हणालो, हो अप्पा, थांबा जरा. त्यांनी डाव्या हाताने माझं मनगट धरलं आणि त्या दिवशी पहिल्यांदा शेवटचं अक्षर अगदी स्वच्छ आलं.

“इरावडॉग.”

मी ते टाइप केलं. का केलं ते विचारू नका. काही सुचलं म्हणून नाही, वैतागून केलं — माणूस फोनवर ऐकलेलं नाव कागदावर गिरवत बसतो ना, तसं. iravadog. खाली तोच जुना पासवर्ड. आणि दाबलं.

अकाउंट उघडलं.

समोर माझा किल्ला होता. अर्धवट बांधलेला बुरूज. तो बुरूज बघितला आणि मला ते नाव आठवलं. नाव बघून नाही, बुरूज बघून आठवलं. 

फ्रेंड लिस्टमध्ये बहुतेक नावं मेलेली होती, वर्षानुवर्षं कुणी फिरकलं नव्हतं. एकाच्या पुढे मात्र ‘आज’ असं होतं. सायखेडा एक्स्प्रेस. दादा सोडून असलं नाव कोण ठेवणार... मी लिहिलं — दादा, मी बारक्या. अप्पांना पॅरालिसिस झालाय. आई तुझी वाट बघतेय. खाली माझा नंबर दिला.

दुसऱ्या दिवशी मी कंपनीत असताना फोन आला. दादाचा होता. त्याने पहिलंच विचारलं, “बोलतात का ते?” मी म्हणालो, तू ये, मग सांगतो.

तो कोइमतूरला होता. तिथल्या एका कारखान्यात नोकरी, बायको, एक मुलगी. दोन दिवसांत एकटाच आला. आई त्याच्या गळ्यात पडून रडली ते काही इथे लिहीत नाही. दादा आत गेला, अप्पांच्या पायांशी बसला, पायांवर डोकं ठेवलं. अप्पांनी त्याला ओळखलं, शंकाच नको. डावा हात त्याच्या केसांतून फिरवला, डोळ्यांतून पाणी आलं. आणि मग त्याच्याकडे बघून ते म्हणाले, “इरावडॉग.”

दादाने गर्रकन माझ्याकडे बघितलं.

बाहेर ओट्यावर आल्यावर त्याने मला विचारलं, “तू सांगितलं त्यांना?” मी सगळं सांगितलं. तो ओट्यावरच बसला. मग म्हणाला, “अरे, ते नाव मीच ठेवलं होतं तुझं. गोदावरी इंग्रजीत उलटं लिहिलं. तुला सुचत नव्हतं म्हणून.” मला हे आठवतही नव्हतं. त्याने बोटाने ओट्यावर अक्षरं काढून दाखवली.

आता तुम्ही म्हणाल, तेच मीही म्हटलं — अप्पांनी कधीतरी आमच्या तोंडून ऐकलं असेल. पण आम्ही ते नाव तोंडाने कधी घेतलंच नाही. मी त्याला दादा म्हणायचो, तो मला बारक्या. ते नाव फक्त स्क्रीनवर होतं, कॅफेतल्या. गेमचा विषय घरी काढायची सोय नव्हती, मार बसला असता. अप्पा त्या कॅफेची पायरी कधी चढले नाहीत, आणि चढले असते तरी त्यांना इंग्रजी वाचता येत नाही. थेरपीच्या मॅडमना मी हे सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, मेंदू कुठलं काय साठवून ठेवतो सांगता येत नाही, ऐकलं असेल कुठेतरी. कुठे, ते त्यांनाही सांगता येईना.

माझी आणि आईची अशी समजूत झाली की त्यांना दादाला बोलवायचं होतं. तो आला, आता हा शब्द थांबेल.

थांबला नाही. दादा समोर बसलेला असताना तेच. आधीपेक्षा जास्त जोराने. त्याच्याकडे बघायचे, माझ्याकडे बघायचे, दाराकडे बघायचे आणि चिडायचे. मग दादाच म्हणाला, गोदावरी म्हणत असतील, आपण त्यांना नदीवर नेऊ. आम्ही त्यांना गाडीत बसवलं आणि सायखेड्याला नेलं, जिथे ते लहानपणी पोहले होते तिथे, अगदी पाण्यापर्यंत. दादाने व्हीलचेअर धरली. मी ओंजळीत पाणी घेऊन त्यांच्या हातावर सोडलं. अप्पांनी पाण्याकडे जरासं बघितलं, दुसऱ्याच्या शेतातल्या विहिरीकडे बघावं तसं. मग मान वळवून आमच्या दोघांकडे बघितलं आणि पुन्हा तोच शब्द. आई म्हणाली, “नदी नाय पाहिजे त्यांना. चला घरी.” येताना गाडीत कुणी बोललं नाही. अप्पा बोलत होते.

किल्ला उघडून तो मोबाइल त्यांच्यासमोर धरूनही झालं. त्यांनी तो हाताने बाजूला केला.

दादा सुट्टी संपल्यावर परत गेला. आता रोज संध्याकाळी व्हिडिओ कॉल करतो, नात आजोबांना मोडक्या मराठीत हाक मारते. दिवाळीला तो सगळ्यांना घेऊन येणार आहे. लोक म्हणतात, बघा, केवढं चांगलं झालं. झालंच. पण तो शब्द आमच्या कामाला आला, अप्पांच्या नाही. त्यांना त्यातून जे मागायचंय ते आम्हाला अजून देता आलेलं नाही.

हे लिहायच्या आधी मी त्यांच्याजवळच होतो. त्यांचं चालू झालं, म्हणून नेहमीप्रमाणे पाणी विचारलं, खिडकी उघडली, उशी बदलली, पंखा कमी केला. प्रत्येक वेळी त्यांनी डावा हात झटकला. शेवटी मी म्हणालो, “अप्पा, मला नाही कळत हो.” ते माझ्याकडे बघत राहिले. मग बोलायचं थांबले आणि डाव्या हाताने माझा हात थोपटायला लागले... हळूहळू, आपण रडणाऱ्या लहान मुलाला थोपटतो तसं.