फुजैराच्या आमराईतला मर रोग

अमिरातीतल्या फुजैराजवळच्या एका आमराईत झाडं उभ्या उभ्या वाळत होती. पानं करपायची, पण गळायची नाहीत. आमच्या प्रयोगशाळेत नुकत्याच आलेल्या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ मॅडम मला घेऊन तिथे गेल्या. मी त्यांची सहायक. रत्नागिरीची, आंब्यातच वाढलेली, पण असं मरण मी पाहिलं नव्हतं.

मॅडमनी एका फांदीची साल खरवडली. आतलं लाकूड तपकिरी पडलं होतं. "बुरशी आहे. आजारी झाडं तोडून जाळा, नाहीतर बाकीचीही जातील."

मी ते अरबीत सांगितलं. बागेचा म्हातारा मालक चिडला. "माझ्या वडिलांनी लावलेली झाडं आहेत ही! पाणी खारट झालंय, एवढंच. बुरशी म्हणतेस ना? मग दाखव."

"दाखवते," मॅडम म्हणाल्या.

ते सोपं नव्हतं. प्रयोगशाळेत लाकडाचा तुकडा बुरशी वाढवायच्या बशीत ठेवला की भलत्याच बुरशा माजायच्या. मग पुन्हा फुजैरा, पुन्हा नवे तुकडे. भर उन्हाळ्यात साठी उलटलेल्या मॅडमना बागेतच चक्कर आली.

"हिवाळ्यात बघू ना, मॅडम," मी म्हटलं.

"झाडं थांबणार आहेत का हिवाळ्यापर्यंत? यल्ला, चल!"

एक दिवस त्यांनी मला गाजरं आणायला सांगितली. मला वाटलं, जेवणासाठी. त्यांनी दोन चकत्यांमध्ये लाकडाची ढलपी दाबून ठेवली. ही बुरशी गाजरावर फोफावते म्हणे. काही दिवसांनी चकतीवर केसासारखे काळे दांडे उभे राहिले, प्रत्येकाच्या टोकाला चमकता थेंब. मॅडम फ्रेंचमध्ये काहीतरी ओरडल्या आणि त्यांनी मला मिठीच मारली.

तरी तेवढ्यावर त्यांचं समाधान नव्हतं. ती बुरशी त्यांनी निरोगी रोपांना टोचली. रोपं सुकली. त्यातलं एक घेऊन आम्ही मालकाकडे गेलो. मॅडमनी खोड उभं चिरून त्याच्या हातात दिलं, शेजारी त्याच्याच झाडाची फांदी. दोन्हींत तोच तपकिरी पट्टा.

त्याने दोन्ही पट्ट्यांवरून बोट फिरवलं. "खलास," एवढंच म्हणाला. मग करवत मागवली आणि पहिलं झाड स्वतः कापलं. लाकडं पेटली तेव्हा मॅडम त्याच्या शेजारी उभ्या होत्या.

पुढच्या उन्हाळ्यात आणखी काही झाडं गेली, पण विहिरीकडची रांग वाचली. मालकानेच फोन करून मॅडमना बोलावलं. रोगाला दाद न देणारी रोपं त्या आता तिथल्या रिकाम्या जागी लावून बघतायत. पहिली खेप सुकली. दुसरी आम्ही परवाच लावली.