शेजारच्या फ्रेंच माणसाचा कॅमेरा

इथे परदेशात, स्कोफिल्ड्सला, आमच्या शेजारच्या घरात एक म्हातारा फ्रेंच माणूस मुलीकडे राहायला आला. आपण फिल्म डिरेक्टर होतो, हे त्याने पहिल्याच भेटीत कुंपणापलीकडून सांगितलं. स्टुडिओ नाही, स्टार नाहीत. गावातला बेकरीवाला, पोस्टातली बाई असल्या माणसांना घेऊन त्याने आयुष्यभर पिक्चर काढले म्हणे. मी त्याच दुपारी त्याला नेटवर शोधलं. एका बारक्या फेस्टिव्हलच्या जुन्या पानावर नाव सापडलं, फोटो नव्हता. नवरा म्हणाला, नाव काय, कोणीही सांगेल.

मग म्हाताऱ्याने माझ्या सासूबाईंनाच फिल्मसाठी विचारलं. त्या पुण्याहून आमच्याकडे आल्या होत्या, आणि त्यांनी इथेच कायमचं राहावं म्हणून आमची व्हिसाची खटपट चालली होती. त्यांनी त्याच्या किचनमध्ये भाजी निवडत बसायचं, मनात येईल ते मराठीत बोलायचं आणि त्याने शूट करायचं. त्याला मराठीचं अक्षर कळत नव्हतं. मग कशाला, असं मी विचारलं. त्याने सांगितलं की शेवटच्या फिल्मच्या वेळी गावाला वाटलं, हा आपली टिंगल करतो. एकेक दार बंद झालं आणि काम थांबलं. ज्याला भाषा कळत नाही, त्याला लोक घाबरत नाहीत.

मला हे उत्तर आधीच तयार ठेवल्यासारखं वाटलं. पण सासूबाई रोज कॉटनची चांगली साडी नेसून निघायच्या. नवरा घरून काम करता करता दर थोड्या वेळाने पडदा सारून बघायचा. मीही एकदा साखर मागायच्या निमित्ताने जाऊन आले. ते दोघे मटार सोलत होते.

महिन्याभराने त्याने आम्हा दोघांना बोलावलं. सबटायटल्ससाठी अर्थ हवा होता. सासूबाई देवळात गेल्या होत्या. स्क्रीनवर त्या शांतपणे सांगत होत्या, “मला इथे नाही राहायचं. पण मुलाला कसं सांगू? त्याला वाटेल, सुनेशी बिनसलं.”

“काय म्हणतात त्या?” त्याने विचारलं.

नवऱ्याने मान खाली घातली होती. मी सांगितलं.

संध्याकाळी नवऱ्याने आईला सरळ विचारलं. त्या बराच वेळ रडल्या, मग म्हणाल्या, तिकीट काढ. व्हिसाचं आम्ही तिथेच सोडलं.

त्या गेल्यावर मी म्हाताऱ्याला गाठलं. एवढ्या शूटिंगमधून नेमका तोच तुकडा आम्हाला का दाखवला? तो म्हणाला, “तेवढं बोलताना त्या सारख्या तुमच्या घराकडे बघत होत्या.”

नवऱ्याला हे पटलं. मला नाही; त्याला मराठी कळत असणार, असंच वाटत राहिलं. परवा त्याच्या दारावरून जाताना मी मुद्दाम मराठीत म्हटलं, “गाडीचा दिवा चालू राहिलाय तुमच्या.” त्याने फक्त हसून हात हलवला.