शिट्टीपुरती वाफ

इतर मंडळांत अभिमानाचे किस्से जमतात, आमच्यात लाजेचे! रविवारची साफसफाई उरकली की आम्ही गोडाऊनच्या ओट्यावर चहा घेत बसतो. कुणीतरी म्हणतं, "त्या दिवशी काय झालं होतं, आठवतंय का?" आणि सगळे एकदम आपापल्या कपात बघायला लागतात. मी सेक्रेटरी. शाळेत भूगोल शिकवून रिटायर झाले. वाटलं होतं, आता आयुष्यात मान खाली घालायची वेळ येणार नाही. मग ह्या मंडळात आले.

मंडळ जुन्या रेल्वेगाड्या जतन करणारं. म्हणजे वाफेचं एक छोटं इंजिन, एक लाकडी डबा, एक ढकलट्रॉली आणि सिग्नलचे काही हात. सगळं सिन्नर फाट्याजवळ माझ्या दिरांच्या कांद्याच्या रिकाम्या गोडाऊनमध्ये ठेवलंय. अध्यक्ष आहेरसाहेब, पाटबंधारे खात्यातले निवृत्त इंजिनीअर. हाताने काम करणारा एकटा विलास निकम, त्याचं नाशिकरोडला डेंटिंग-पेंटिंगचं गॅरेज आहे. आणि चौथे युसूफचाचा.

चाचा इगतपुरीचे. ऐंशी कधीच उलटलीत. उमेदीची वर्षं त्यांनी ह्याच इंजिनावर काढली, आधी फायरमन म्हणून, मग ड्रायव्हर म्हणून. इंजिन आमच्याकडे येतंय कळल्यावर ते आपणहून आले आणि एवढंच म्हणाले, "साहेब, एकदा वाफ भरा. एकदा शिट्टी मारू द्या मला. बस, आणखी काय नाय पाहिजे." आहेरसाहेबांनी त्यांचे दोन्ही हात धरले आणि सगळ्यांसमक्ष शब्द दिला, "चाचा, शिट्टी तुमच्याच हातून वाजणार!" साहेबांना शब्द द्यायला फार आवडतं. तो पाळायची वेळ आली की ते मिटिंग बोलावतात.

*

इंजिन आलं तो दिवस. ट्रेलर, ढोल, नारळ, पेढे, सगळं जय्यत! मी नऊवारी नेसून आरतीचं ताट घेऊन उभी. आहेरसाहेबांनी वारशावर लांबलचक भाषण ठोकलं. टाळ्या झाल्या. मग ट्रेलरवाल्याने खाली उतरून विचारलं, "साहेब, आता हे आत कसं न्यायचं?"

आम्ही वर बघितलं. इंजिनाचं धुराडं गोडाऊनच्या दरवाज्यापेक्षा चांगलं हातभर उंच होतं! साहेबांनी आयुष्यभर धरणं मोजली. इथेही मोजमाप त्यांनीच घेतलं होतं, पण फक्त चाकांचं.

"त्यात काय एवढं," विलास म्हणाला, "धुराडं कापतो, आत गेल्यावर परत जोडतो. कळणारसुद्धा नाही!"

चाचा ट्रेलरला टेकून उभे होते. म्हणाले, "विलासभाऊ, आधी माझी मान कापा."

शेवटी धुराडं वाचलं आणि दरवाज्यावरची भिंत पाडली. दीर तेव्हापासून माझ्याशी बोलत नाहीत. दिवाळीला फराळ पाठवला, तर डबा न उघडता परत आला.

*

लाकडी डब्याची कथा वेगळीच. डबा इतका देखणा की बघत राहावं. वेताची आसनं, सागवानी खिडक्या, पितळी कड्या. पण आत शिरलं की गोडाऊनचा कांदा! आम्ही धूप जाळला, कापूर ठेवला, लिंबं कापून ठेवली. वास काही हलेना.

एकदा एक बडे रेल्वे अधिकारी बघायला आले. डब्यात शिरले, रुमाल नाकाला लावला आणि विचारलं, "ह्यातून पूर्वी कांद्याची वाहतूक व्हायची का?"

खरं सांगून मोकळं व्हायचं ना! पण साहेबांच्या तोंडून निघून गेलं, "हो सर, खास नाशिकचा कांदा. हा ओरिजिनल वास आहे."

अधिकारी फार खूश झाले. आणि पुढच्या रविवारी आम्ही येऊन बघतो तर विलासने डब्याच्या दारात सुबक अक्षरांत पाटी रंगवून लावलेली, "मूळ वास जसाच्या तसा जतन केला आहे." आता येणारे लोक डब्यात शिरून मोठमोठे श्वास घेतात. पाटी काढायची हिंमत कुणाला होत नाही, कारण काढली तर का काढली ते सांगावं लागेल.

*

इथवरच्या गोष्टी हसण्यावारी नेता येतात. पुढच्या येत नाहीत.

मंडळाला हातभार म्हणून आम्ही प्री-वेडिंगच्या फोटोंना परवानगी द्यायला लागलो. एक जोडपं आलं. नवरी इंजिनाच्या पायरीवर, नवरा खाली गुडघ्यावर. फोटोग्राफर म्हणाला, "थोडा स्मोक देऊ?" आम्ही म्हटलं, द्या! त्याने धुराड्यात कसलीशी नळकांडी पेटवून टाकली आणि भकाभका जांभळा धूर निघायला लागला.

फाट्यावरून अर्धी वस्ती मोबाइल घेऊन पळत आली. "चालू झालं! इंजिन चालू झालं!" कुणीतरी इगतपुरीला फोन लावून चाचांना सांगून टाकलं.

चाचा मिळेल त्या गाडीने आले. अंगात निळा कोट, इस्त्री केलेला. डोक्याला रुमाल बांधलेला, पूर्वी ड्यूटीवर बांधायचे तसा. जवळजवळ धावतच आत आले आणि पाहिलं, तर नवरी लेहेंगा सावरत चिप्स खात होती. धुराड्यातून तिसऱ्या नळकांडीची थोडी जांभळी वाफ, वाफ कसली, धूरच तो, बाहेर येत होता.

चाचांनी रुमाल सोडला, घडी घालून खिशात ठेवला आणि नवरीला म्हणाले, "बेटी, मुबारक हो. जोडी छान हाय." मग मला म्हणाले, "मॅडम, चहा सांगा ना."

मी चहा सांगायला बाहेर गेले आणि टपरीमागे उभी राहून रडले. खरंच सांगते, इतकी लाज मला कधी वाटली नव्हती.

*

मग मात्र साहेब पेटले. "आता वाफ म्हणजे वाफ!" बॉयलर तपासायला बाहेरून इन्स्पेक्टर बोलावले. विलास आठवडाभर इंजिनाखालून बाहेर आला नाही. बॉयलर काळा कुळकुळीत चमकत होता, तोंड बघून घ्यावं असा. आम्ही त्याला झेंडूची माळही घातली होती.

इन्स्पेक्टर शांत माणूस. माळ हळूच बाजूला केली, खिशातून छोटी हातोडी काढली आणि बॉयलरवर टकटक करत पुढे सरकू लागले. टण्, टण्, टण्, आणि एकदम भद्द! बशीएवढा तुकडा निखळून त्यांच्या बुटावर पडला. आत भोक.

त्यांनी तुकडा उचलून वास घेतला. "हे काय आहे?"

विलास अगदी भोळेपणाने म्हणाला, "पुट्टी, साहेब. गंजलं होतं तिथे तिथे भरली. मी सगळ्या गाड्यांना हीच भरतो, एकाची तक्रार नाही!"

इन्स्पेक्टरांनी तुकडा विलासच्या हातात ठेवला. मग म्हणाले, "ह्यात वाफ भरली असती तर तक्रार करायला कुणी उरलंच नसतं." ह्या बॉयलरमध्ये पुन्हा कधीही वाफ भरायची नाही, असं बजावून ते गेले.

आता हे चाचांना सांगायचं कुणी? मला वाटलं साहेब सांगतील. साहेबांना वाटलं मी सांगेन. विलासला वाटलं, त्याने तर मुळीच सांगू नये. रविवारी चाचा पेढ्यांचा पुडा घेऊन हजर! "पास झाली ना माझी राणी?" साहेब म्हणाले, "काम... पुढे सरकतंय, चाचा." आम्ही तिघांनी ते पेढे खाल्ले.

*

नंतर चाचांच्या मुलीचा, शबानाचा फोन आला. चाचांना हृदयाचा त्रास सुरू झाला होता. डॉक्टरांनी हिंडणंफिरणं बंद करायला सांगितलं होतं. "ताई, अब्बा झोपेत पण शिट्टीचंच बोलतात. होईल का हो लवकर?"

मिटिंग बसली. विलास मान वर न करता म्हणाला, "गॅरेजचा कंप्रेसर आणतो. नळी खालून शिट्टीला जोडतो. हवेवर वाजेल." मी म्हटलं, ही फसवणूक आहे. साहेब म्हणाले, "आहे. दुसरं काय आहे आपल्याकडे?" माझ्याकडेही दुसरं काही नव्हतं.

त्या रविवारी अख्खी वस्ती लोटली. कंप्रेसर भिंतीमागे दडवला, त्याचा आवाज ऐकू जाऊ नये म्हणून ढोलवाले लावले. धुराड्याच्या तळाशी घमेल्यात ओला पालापाचोळा पेटवला, म्हणजे धूर खराखुरा. विलास गालाला कोळसा फासून फायरमन झाला. शबाना आणि तिची लेक आयेशा चाचांना धरून घेऊन आल्या. अंगात तोच निळा कोट. आम्ही त्यांना हळूहळू वर चढवलं. पायरीवर मी आणि साहेब उभे.

चाचांनी विलासला विचारलं, "पाणी?"

विलास म्हणाला, "भ... भरपूर हाय, चाचा."

चाचांनी मान डोलावली आणि दोरी ओढली. काय वाजली म्हणून सांगू! पोरं कानांवर हात ठेवून नाचायला लागली, शबाना हमसून हमसून रडायला लागली. चाचांनी पुन्हा ओढली, लांबलचक. आणि ओढता ओढता, तोल सावरावा तसा, त्यांनी डावा हात समोरच्या बॉयलरवर टेकवला. पूर्ण पंजा.

बॉयलर गार होता. सकाळपासून गारच होता. साहेबांनी माझं मनगट घट्ट धरलं. विलास भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. चाचांनी हात काढला नाही. आमच्याकडे बघितलंही नाही.

तेवढ्यात आयेशा आमच्यामधून घुसून वर चढली आणि बॉयलरकडे हात नेत म्हणाली, "नाना, मी पण हात लावू?"

पंजा तसाच बॉयलरवर ठेवून चाचा ओरडले, "नको बेटा, नको! भाजेल! वाफ भरली हाय आत!"