पुसलेली अकरा मिनिटं

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. निवृत्तीच्या समारंभात माझ्या सचोटीवर तीन भाषणं झाली, तेव्हा मी हार घालून मख्ख बसून होतो.

सरकारी दूरदर्शन केंद्रात शेतीच्या कार्यक्रमाचा साधा निर्माता म्हणून लागलो आणि मोठ्या खुर्चीतून बाहेर पडलो. मधे काय केलं? बरंच केलं, पण एक गोष्ट अशी आहे की — थांबा, आधी वहिनींबद्दल सांगतो.

कळंबच्या माझ्या चुलतभावाची बायको. शाळेत चौथीपर्यंत, पण ग्रामसभेत उभी राहिली की सरपंच चष्मा पुसायला लागायचा. तीसेक वर्षांपूर्वी एका रिसॉर्टवाल्याने विहिरीची वाट तार घालून अडवली. मी तेव्हा भातशेतीच्या चित्रीकरणासाठी गावात होतो. वहिनी हंडा खाली ठेवून कॅमेऱ्यासमोर आल्या आणि अकरा मिनिटं बोलल्या. एकदाही अडल्या नाहीत. आमचा कॅमेरामन कधी कुणाचं कौतुक करायचा नाही. तोही म्हणाला, हे जसंच्या तसं दाखवा.

केंद्रावर परतलो तर तोच रिसॉर्टवाला आमच्या संचालकांच्या केबिनमधून हसत बाहेर पडत होता. माझ्या बढतीची फाइल त्याच केबिनमध्ये होती. मला कुणी काही म्हणालं का? नाही. एक शब्दही नाही. हेच तर सांगायचंय — मला कुणी सांगितलंच नव्हतं.

तेव्हा टेपांचा तुटवडा असायचा. वापरून झालेल्या टेपा पुसून पुन्हा वापरायच्या, त्यासाठी एक वही होती. त्यात वहिनींच्या टेपपुढे मी कारण लिहिलं — ‘आवाज सदोष’ — आणि सही केली. त्या टेपवर गुलाबांच्या प्रदर्शनाचं चित्रीकरण झालं. बढती मिळाली. ती तशीही मिळाली असती, असं वाटतं. त्याने काय फरक पडतो?

पण खरी गोष्ट ती नव्हेच. प्रक्षेपणाच्या दिवशी अर्धा गाव सरपंचाच्या ओटीवर टीव्हीपुढे बसला होता. पडद्यावर वहिनी दिसल्याच नाहीत. पुढच्या खेपेला त्यांनी विचारलं. टेप खराब झाली, एवढं म्हणून सुटता आलं असतं. मी काय म्हणालो? “वहिनी, तुम्ही फार अडखळलात. कॅमेऱ्यासमोर बोलणं सगळ्यांना जमत नाही.”

त्यांचा चेहरा पडला. “आमी अडाणी मानसं, भाऊजी. तुमचं काम फुकट गेलं. माफी करा.”

माफी त्यांनी मागितली. त्यानंतर त्या ग्रामसभेत बोलल्या नाहीत. तार तशीच राहिली, बायका लांबून वळसा घालून पाणी आणत राहिल्या. मला लाज वाटत होती आणि मी वर वर चढत होतो.

गेल्या महिन्यात कळंबला गेलो होतो. त्या वाटेच्या चौकशीला तालुक्याहून अधिकारी येणार होते. बायका वहिनींच्या दारात जमल्या — जुनं सगळं तुम्हालाच ठाऊक, तुम्हीच बोला.

“नाय गं, मला बोलाया जमत नाय,” वहिनी म्हणाल्या. “भाऊजी टीव्हीतले. त्यास्नी इचारा.”

सगळ्या माझ्याकडे बघायला लागल्या. आता तर कसली बढती नव्हती, कुठला साहेब नव्हता.

मी म्हणालो, “खरंय. त्यांना नाही जमत.”