पाय कुणाचे सुजले?

गोळ्या विकायचा कंटाळा असलेला मेडिकलवाला अख्ख्या जिंतुरात एकच होता, आणि तो नेमका आमच्या गल्लीच्या तोंडाशी बसायचा. सगळे त्यांना मामा म्हणत. दुसरा दुकानदार "काय देऊ?" म्हणतो, मामा म्हणायचे, "कशाला पाहिजे?" बाईमाणसाने अंगदुखीची गोळी मागितली, की चष्म्यावरून बघत ठरलेला सवाल, "दिवस गेलेत का?" नव्या नवरीला विचारत, तिच्या सासूलाही विचारत. जिभेला इतकं वळण पडलं होतं, की एकदा गुडघे धरून आलेल्या, झुबकेदार मिशांच्या चारठाण्याच्या पाटलांनाही विचारून बसले. पाटील म्हणाले, "औंदा तरी न्हाई, मामा."

आणि कुणी "हो, गेलेत" म्हटलंच, तर गोळी राहायची बाजूला, आधी खरडपट्टी. "गरवार बाईनं डोक्याची गोळी फुटाण्यासारखी तोंडात टाकायची न्हाई. ॲस्पिरिन तर मागूच नका. दवाखान्यात विचारा. डॉक्टर हो म्हणले तर पॅरासिटामॉल, ते बी लागंल तेवढंच." मग पानातून कात्रीने मोजून दोन गोळ्या कापून देत. आम्ही बायका त्यांना लय नावं ठेवायचो. मी तर सगळ्यात पुढं.

मला आठवा महिना लागला होता. नामांतराच्या आंदोलनाचे दिवस, एस.टी. बंद. सकाळपासून माझं डोकं ठणकत होतं, डोळ्यांपुढे काजवे चमकत होते, आणि सुजलेल्या पायांत चपला शिरत नव्हत्या. मी यांना म्हटलं, नेहमीची डोक्याची गोळी आणा, आणि मामांना काही सांगत बसू नका.

आमचे हे शाळामास्तर. दुकानाच्या बाकड्यावर सासऱ्यांच्या वयाची दोन माणसं पेपर वाचत बसलेली. त्यांच्यासमोर बायकोच्या दिवसांचं कसं बोलायचं? मामांनी विचारलं, "कुणाचं डोकं?"

"माझंच."

"अजून काय होतंय?"

आता खोटं बोलायचं तर धड बोलावं की नाही! पण यांनी घरची सगळी लक्षणं इमानदारीनं स्वतःच्या नावावर सांगून टाकली. "डोळ्यापुढं काजवे चमकायलेत. अन् पाय सुजलेत, चपला बसंनात."

मामा काउंटरवरून खाली वाकले. यांच्या काटकुळ्या पायांत चपला ढिल्या पडत होत्या.

"मास्तर, डोकं तुमचं. पण पाय कुणाचे सुजलेत?"

बाकडं खदाखदा हसलं. मामा हसले नाहीत. "कितवा?" त्यांनी हळूच विचारलं.

"आठवा," हे पुटपुटले.

दिवाळीलाही बंद न होणाऱ्या त्या दुकानाच्या फळ्या भर दुपारी लागल्या. मामा टांगा घेऊनच आमच्या दारात. मी चिडले, "एका गोळीसाठी केवढं रामायण हो मामा!"

"बस गुमान," ते म्हणाले. "हे गोळीनं दाबायचं दुखणं न्हाई, पोरी. आत्ताच्या आत्ता बी.पी. बघाया लागतंय."

दवाखान्यात डॉक्टरांनी बी.पी. मोजलं, पुन्हा मोजलं, आणि थेट जीप मागवली. परभणीला ऑपरेशन झालं. मुठीएवढी मुलगी झाली, पण काय रडली! डॉक्टर म्हणाले, गोळी घेऊन घरी झोपला असतात, तर दोघींचंही खरं नव्हतं. मी पेढे घेऊन दुकानात गेले, तर आभाराचा शब्द तोंडातून निघायच्या आत मामा खेकसले, "दूध पाजायलीस ना? मग आता बी कोणची गोळी विचारल्याबिगर न्हाई!"

मामा जाऊन पुष्कळ वर्षं झाली. परवा तीच मुलगी पहिलटकरीण म्हणून माहेरी आली. तिची कंबर दुखत होती, म्हणून त्याच जागी झालेल्या नव्या दुकानात गेले. मी "कंबरदुखीची" म्हणेपर्यंत गोळ्यांचं अख्खं पान समोर पडलं. मी उभीच राहिले. दुकानदार म्हणाला, "काकू, अजून काही?"

"तुम्ही मला विचारलं नाहीत."

"काय विचारायचं?"

"दिवस गेलेत का."

माझ्या पांढऱ्या केसांकडे बघून तो हसू लागला. मीही हसले, आणि डोळे पुसत ते पान परत केलं. मग घरी येऊन मुलीला म्हटलं, "चपला घाल, दवाखान्यात विचारून येऊ." तिच्या चपला तिला अगदी नीट बसल्या. वाकून बघितलं मी.