डाव्या बैलाचा फोटो

आमच्या घरात कॉलेज शिकलेला मी पहिला. हे मी कोणी विचारलं नाही तरी सांगतो. त्यामुळे पोळ्याच्या तोंडावर जोडीतला डावा बैल चरता चरता हरवला, तेव्हा बाबा रामाकोन्यापर्यंत पायी हिंडून आले आणि माझ्यासमोर येऊन बसले.

"त्याचा फोटो टाक मोबाइलवर. सारा तालुका पाह्यते म्हणतात."

आता बैलाचा फोटो आमच्याकडे काढतात कधी? पोळ्याला. घरात त्याचा एकच होता, मागच्या पोळ्याचा, नागपूरच्या भाच्यानं मोठ्या कॅमेऱ्यानं काढलेला. अंगावर झूल, शिंगांना बेगड, कपाळाला बाशिंग. बैलाची ओळख म्हणजे कपाळावरचा पांढरा चांद, आणि नेमका तोच बाशिंगाखाली झाकलेला. वाढदिवस असो की श्रद्धांजली, आमच्याकडे मजकूर फोटोवरच लिहितात. मीही तसाच लिहिला. बैल हरवला आहे, कपाळावर चांद, खाली आमचा नंबर.

तालुक्याच्या ग्रुपवर टाकायला गेलो तर नुसतं गोल फिरत राहिलं. मग अक्षरं आली, काहीतरी चुकलं, पुन्हा प्रयत्न करा. काय चुकलं ते सांगेना. परीक्षेत निदान चुकीच्या उत्तराखाली लाल रेघ असायची. मोबाइल बंद करून चालू केला, ॲप काढून परत टाकलं, स्लॅबवर चढून हात उंच धरून उभा राहिलो.

खालून बाबा विचारायचे, "गेला काय?"

"जाऊन राहिला, बाबा."

तो काही जात नव्हता.

शेवटी सौंसरला मोबाइलच्या दुकानात गेलो. दुकानदारानं फोटो पाहिला आणि हसला. "एवढा मोठा? हा तं ट्रकमंधी टाकून न्या लागते, गुरुजी. कॉलेजात नाही शिकवलं काय लहान करणं?" त्यानं लहान केला आणि फोटो गेला. मी तिथूनच बाबांना फोन लावला.

"आता येईन तो," ते म्हणाले.

घरी पोचेपर्यंत फोटोखाली रांग लागली होती. पोळ्याच्या हार्दिक शुभेच्छा. हात जोडलेले. काय सजवला हो भाऊ. मी फोटो मोठा करून पाहिला. लहान करताना माझी अक्षरं फुटून झुलीच्या नक्षीत मिसळून गेली होती. मी खाली लिहिलं, बैल हरवला आहे. त्याच्याही खाली शुभेच्छाच आल्या. मग मजकूर वेगळा टाकला, पण तोवर जो तो आपापले सजवलेले बैल टाकत होता. माझा मजकूर कुठं खाली गेला, मलाच सापडेना.

"किती लोकायनं पाह्यला?" बाबांनी विचारलं.

"लय लोकायनं."

"मंग फोन कावून नाही आला?"

मी पुन्हा ग्रुप उघडून माझा मजकूर शोधू लागलो.

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी बाबांनी हळद-तूप गरम केलं, उजव्या बैलाचे खांदे शेकले, आणि दरवर्षीसारखं त्याला उद्याच्या जेवणाचं आवतन दिलं. मग वाटी घेऊन रिकाम्या खुंट्यापाशी जाऊन उभे राहिले.

"हे आवतन त्या मोबाइलवर टाकता येते काय रे?"

"टाकून पाहतो," मी म्हणालो आणि खिशातून मोबाइल काढला. वाटीतलं तूप थिजत चाललं होतं. बाबा तिथंच उभे होते.